पिस्तूल खाली पडलं की गोळी सुटते का? (कथेसाठी विचारतेय, शप्पत!)

किंकिणी

नमस्कार मंडळी. दिवाळी अंकासाठी रहस्यकथा लिहायला घेतली आहे. संपादकांना पंधरा तारखेला हवी आहे आणि मी शेवटच्या पानावर अडकले आहे.

प्रसंग असा. कोकणातला वाडा, काळ आत्ताचा. भाऊसाहेब हा खलनायक. झटापटीत त्याच्या हातातलं पिस्तूल फरशीवर पडतं, आपोआप गोळी सुटते आणि ती भाऊसाहेबालाच लागते. नियतीचा न्याय वगैरे. नवऱ्याने वाचून कागद परत दिला. म्हणे, "हल्लीची पिस्तुलं अशी पडून उडत नाहीत." मी म्हटलं, अरे, ऑक्टोबर २०२४ मध्ये गोविंदाच्या पायाला स्वतःच्याच रिव्हॉल्व्हरची गोळी लागली, ते हातातून पडलं म्हणूनच ना? तर म्हणे, "ते रिव्हॉल्व्हर, हे पिस्तूल." आणि वर चहा प्यायला निघून गेला.

तर जाणकारांनी सांगा: पडल्यावर उडतं की नाही? दुसरं, भाऊसाहेबाकडे मी ग्लॉक कंपनीचं पिस्तूल दिलं आहे, कारण नाव भारदस्त वाटलं. पण ग्लॉकला म्हणे सेफ्टीच नसते. मग ते लोक कमरेला लावून फिरतात कसे?

टवाळ_कार्टं

नवऱ्याशी वाद जिंकायला धागा काढलेला पहिल्यांदाच बघतोय. वाचनखूण साठवली आहे.

सरळमार्गी

यात काय अवघड आहे? सेफ्टीचा खटका लावला की उडत नाही, काढला की उडतं. भाऊसाहेबाने खटका काढलेला होता असं एक वाक्य टाका, संपला विषय.

चाकणचा_यंत्री

@सरळमार्गी, नाही हो. बाहेरून अंगठ्याने लावायचा खटका ही एक गोष्ट आणि आत आपोआप चालणारी सेफ्टी ही वेगळी. किंकिणीताईंचा प्रश्न दुसरीबद्दल आहे.

गोळी सुटते कशी ते आधी बघू. काडतुसाच्या बुडाशी मधोमध एक छोटी टिकली असते, तो प्रायमर. त्यावर फायरिंग पिनने टोचा मारला की आतली दारू पेटते. म्हणजे सगळा खेळ त्या पिनेचा. आता पिस्तूल पडतं तेव्हा चाप कुणीच ओढत नसतं. पण पिनेला स्वतःचं वजन असतंच. आपलं टिकटिक पेन टोकावर जोरात आपटून बघा. पेन थांबतं, पण आतली रिफिल पुढे जायला बघते. पिस्तूल नळीच्या तोंडावर पडलं की पिनेचं तसंच होतं. तिला मागे धरायला फक्त स्प्रिंग असेल आणि आपटी जोराची असेल, तर पिन प्रायमरपर्यंत पोचू शकते.

ब्राउनिंगने आरेखन केलेलं, १९११ साली अमेरिकन सैन्याने घेतलेलं कोल्ट पिस्तूल घ्या. त्याला अंगठ्याचा खटका आहे, शिवाय मुठीत घट्ट धरल्याशिवाय चाप हलू न देणारी ग्रिप सेफ्टी आहे. पण हे दोन्ही मागच्या यंत्रणेला, म्हणजे चाप आणि घोडा यांना अडवतात. पिनेला हात लावत नाहीत. म्हणजे खटका लावलेला असला तरी नळीवर आपटल्यावर पिनेचा हिशेब वेगळाच राहतो. कोल्टने १९८३ मध्ये 'सिरीज ८०' काढली, तिच्यात पिनेच्या वाटेत एक छोटा दट्ट्या बसवला. चाप ओढला की एक तरफ तो दट्ट्या उचलते, नाहीतर पिन जागची हलत नाही.

आता ग्लॉक. ऑस्ट्रियन सैन्याने १९८२ मध्ये घेतलं. त्याला बाहेर अंगठ्याचा खटका नाही हे खरं, पण आत तीन सेफ्ट्या आहेत. चापाच्या मधोमध एक पातळ जीभ दिसते. बोटाने ती दाबली गेल्याशिवाय चाप मागे येत नाही, म्हणजे पिस्तूल पाठीवर आपटून चाप स्वतःच्या वजनाने मागे सरकण्याची सोय नाही. दुसरी, पिनेच्या वाटेतला तो दट्ट्या. तिसरी, चापाला जोडलेल्या पट्टीचं टोक एका छोट्या फळीवर टेकलेलं असतं. पट्टी पूर्ण मागे येऊन खाली उतरेपर्यंत ती पिनेचं शेपूट सोडत नाही. चाप ओढताना तिन्ही क्रमाने बाजूला होतात आणि सोडला की आपापल्या जागी परत येतात.

त्यामुळे धड अवस्थेतलं ग्लॉक फरशीवर पडून उडणं जवळजवळ अशक्य. नवरोबांना एक चहा आणखी द्या.

बोरिवली_फास्ट

यंत्रीसाहेब, "चाप आणि घोडा" वाचून गोंधळलो. आमच्या मुंबईत घोडा म्हणजे अख्खं पिस्तूल. "भाईके पास घोडा है" म्हटल्यावर तबेला शोधत बसू नका.

चाकणचा_यंत्री

हाहा. घोडा म्हणजे मागचा हातोडा, जो पिनेवर आपटतो. चाप म्हणजे बोटाने ओढायचा तो. ग्लॉकच्या जातीत घोडा नसतोच, आत स्प्रिंगवर ताणलेली पिनच थेट पुढे झेपावते. तिला स्ट्रायकर म्हणतात.

शुद्धलेखन_पोलीस

अवांतर, पण कधीपासून पोटात आहे ते बोलून घेतो. "साफ करताना मिसफायर होऊन गोळी लागली" असं बातम्यांत सर्रास छापतात. मिसफायर म्हणजे चाप ओढूनही गोळी *न* सुटणं! पेपरवाल्यांनी अर्थ पार उलटा केला. आणि "रिव्हॉल्व्हरची मॅगझिन" हा तर माझा विशेष लाडका. मॅगझिन म्हणजे पिस्तुलाच्या मुठीत सरकवायची काडतुसांची पेटी, रिव्हॉल्व्हरला ती नसतेच, फिरती घरं असतात!

जाता जाता: पिस्तूल आणि काडतूस, दोन्ही शब्द आपल्याकडे पोर्तुगीजांकडून आले. पाव आणि बटाट्याच्या सोबतीने.

टवाळ_कार्टं

म्हणजे वडापाव आणि पिस्तूल एकाच बोटीतून उतरले. मुंबईचा इतिहास एका ओळीत.

हवालदार_निवृत्त

पोलिसात आर्मोरर, म्हणजे हत्यारांची देखभाल करणारा, म्हणून बरीच वर्षं काढली. यंत्री साहेबांनी लिहिलंय ते बरोबर. दोन गोष्टी माझ्याकडून.

पहिली. ताई, पिस्तूल हातातून सुटलं तर आम्ही नव्या पोरांना एकच शिकवायचो: पडतंय तर पडू दे, झेलू नको. माणसाचा हात आपोआप पुढे जातो. चहाचा कप पडताना जातो तसाच. आणि झेलताना बोट नेमकं चापाच्या कडीत शिरतं. खाली पडून उडण्यापेक्षा झेलताना उडण्याची भीती जास्त. फरशीवर पडलं तर काय, ओरखडा जाईल, साहेबांच्या शिव्या खाव्या लागतील, बाकी काही नाही.

दुसरी. आतली सेफ्टी मेली तरी पिस्तूल चालत राहतं, ही खरी भानगड. पिस्तूल अडकलं तर लगेच कळतं. सेफ्टी अडकली तर कळत नाही. खंडेनवमीला शस्त्रपूजा होते. ओळीने हत्यारं मांडायची, झेंडूच्या माळा, हळदकुंकू. पुढचा आठवडाभर आम्ही कुंकू उकरत बसायचो. एका वर्षी एक पिस्तूल उघडलं तर आतला दट्ट्या तेलात कालवलेल्या कुंकवाने वरच्या वर चिकटून बसलेला. म्हणजे पिनेची वाट उघडीच. मागच्या सरावाला त्याच पिस्तुलाने सगळ्या गोळ्या नीट मारल्या होत्या. मालकाला पत्ताच नाही. खाली पडलं असतं तर काय झालं असतं सांगता येत नाही.

म्हणून तपासायचं असं: पिस्तूल रिकामं करायचं, स्लाईड (वरचा मागेपुढे सरकणारा भाग) उतरवायची, मागून पिन बोटाने पुढे ढकलायची. पिनेचं टोक बाहेर दिसता कामा नये. दट्ट्या दाबून ढकलली तरच दिसायला हवं. एवढंच. पूजेला लांबून अक्षता टाका.

मोगरा_फुलला

काका, कुंकवाचा किस्सा कमाल आहे! आमच्या शिवणयंत्राचं दर दसऱ्याला असंच होतं, बॉबिनमध्ये कुंकू.

नेमबाज_करवीर

कोल्हापूरची आहे, त्यामुळे नेमबाजीवर बोलायचा जन्मसिद्ध हक्क आहे. २५ मीटरला .२२ स्पोर्ट्स पिस्तूल मारते. (राहीताई सरनोबतने २०१८ च्या जकार्ता एशियाडला सुवर्ण घेतलं तोच प्रकार, पण मी आपली जिल्हा पातळीवर.)

आमच्या स्पर्धेच्या पिस्तुलांत वरच्यासारखी थरावर थर सेफ्टी असेलच असं नाही. ती कमरेला लावायची नसतातच. पेटीतून टेबलावर, टेबलावरून पेटीत. आमच्या प्रकारात चाप किमान १००० ग्रॅम वजन उचलेल एवढा जड लागतो, हवेच्या पिस्तुलाला ५०० ग्रॅम पुरतात. एवढ्या हलक्या चापाला अंतर्गत यंत्रणेपेक्षा शिस्तच सांभाळते. मारत नसलो की चेंबरमध्ये (नळीच्या मागे काडतूस बसतं त्या घरात) भडक रंगाची प्लास्टिकची दोरी घालायची, तिला सेफ्टी फ्लॅग म्हणतात. लांबून पंचाला दिसलं पाहिजे की आत काडतूस नाही. आणि लोक पुढे टार्गेटपाशी गेले असताना पिस्तुलाला नुसतं बोट जरी लावलं तरी कोच असा काही आवाज काढतात की पुढच्या जन्मीसुद्धा लावणार नाही.

ह्यूस्टनचा_जोशी

हवालदार काकांच्या झेलण्याच्या मुद्द्याला +१००.

यंत्रीसाहेबांच्या "जवळजवळ अशक्य"ला मात्र एक पुरवणी. २०१७ मध्ये इथे सिग सॉअरच्या पी-३२० या पिस्तुलावरून मोठा गदारोळ झाला होता. नुकतंच अमेरिकन सैन्याने त्याच घराण्यातलं पिस्तूल निवडलं होतं आणि ऑगस्टमध्ये व्हिडिओ आले की विशिष्ट कोनात, पाठीकडून आपटलं तर ते उडतं. पिनेच्या वाटेत दट्ट्या त्यातही होता. मग कसं उडलं? कारण त्याचा चाप जाड आणि वजनदार होता. पिस्तूल थांबलं, चाप स्वतःच्या वजनाने मागे गेला आणि जाताना दट्ट्याही उचलून गेला. घराला भक्कम कुलूप आणि किल्ली दारालाच लटकवलेली. कंपनीने नंतर जुन्या पिस्तुलांसाठी ऐच्छिक सुधारणा देऊ केली, तिच्यात चाप हलका केला आणि आतले काही भाग बदलले. ग्लॉकच्या चापात ती जीभ का आहे, हे मला त्या व्हिडिओंनंतर समजलं.

दुसरं, स्वतःचं. इथे परवाना काढून मी पिस्तूल बाळगतो. एकदा थंडीत होल्स्टरमध्ये सरकवताना काहीतरी अडलं. मी ढकललं नाही, बाहेर काढून बघितलं. जाकिटाच्या नाडीचा गोंडा चापाच्या कडीत शिरला होता. ढकललं असतं तर नाडीने चाप ओढला असता, आणि तिन्ही सेफ्ट्या आज्ञाधारकपणे बाजूला झाल्या असत्या. चाप बोटाने ओढला की नाडीने, हे पिस्तुलाला कुठे कळतंय? त्या संध्याकाळी जाकिटाच्या दोन्ही नाड्या कात्रीने कापल्या. बायको अजून विचारते, नवं जाकीट का खराब केलंस.

सरळमार्गी

मग मी म्हणत होतो तेच झालं ना? बाहेरचा खटका असता तर नाडीने काही बिघडलं नसतं!

ह्यूस्टनचा_जोशी

बरोबर, या एका बाबतीत तुमचा मुद्दा मान्य. म्हणूनच काहीजण खटकावालंच घेतात. पण वेळेला खटका काढायचा राहून गेला तर?

हवालदार_निवृत्त

त्यापेक्षा चेंबर रिकामं ठेवा की. मॅगझिन भरलेलं, चेंबर रिकामं. गरज पडली तर स्लाईड ओढा. आमच्याकडे बहुतेकांना तशीच सवय. ना नाडीची भीती, ना गोंड्याची.

ह्यूस्टनचा_जोशी

काका, आदर राखून असहमत. स्लाईड ओढायला दोन्ही हात लागतात. एक हात कुणाशी झुंजत असेल तर?

हवालदार_निवृत्त

जोशीबुवा, इतक्या वर्षांत हात झुंजत असताना पिस्तूल काढावं लागलेले किती बघितले, आणि बेफिकिरीत पायात गोळी मारून घेतलेले किती, याचा हिशेब माझ्याकडे आहे. तुमचा देश वेगळा, आमची ड्युटी वेगळी. असो.

आजोबांचा_नातू_नाशिक

रिव्हॉल्व्हरचं कुणीच बोलेना म्हणून लिहितो. आमच्याकडे मळ्यावर आजोबांच्या वेळेपासून परवाना आहे, .३२ चं, कानपूरच्या कारखान्यातलं, मधून मोडून उघडणारं. (९ मिमी साध्या नागरिकाला मिळत नाही, तो प्रतिबंधित बोअर, म्हणजे नळीचं माप. तेव्हा ताई, तुमच्या भाऊसाहेबाचं ९ मिमी ग्लॉक बेकायदा आहे, हे पण कथेत घ्या.) वर्षातला त्याचा मुख्य प्रवास म्हणजे निवडणूक लागली की पोलीस ठाण्यात जमा करणं आणि निकालानंतर परत आणणं. ग्रामपंचायत, झेडपी, विधानसभा, लोकसभा. आमच्यापेक्षा जास्त मतदान त्याने बघितलंय.

आजोबा सहा घरांपैकी पाचच भरायचे. घोड्यासमोरचं घर रिकामं. विचारलं तर म्हणायचे, "जुन्या माणसांनी असंच सांगितलंय." कारण काय?

चाकणचा_यंत्री

तुमचे आजोबा शहाणे. ही सवय खूप जुन्या रिव्हॉल्व्हरांपासून आलेली. १८७३ च्या कोल्टमध्ये पिन घोड्यावरच होती. घोडा खाली म्हणजे पिन थेट प्रायमरला टेकलेली. मागून कशाचा फटका बसला की काम तमाम. म्हणून तिथले लोक सहाच्या रिव्हॉल्व्हरमध्ये पाचच भरत. पुढच्या रिव्हॉल्व्हरांत सुधारणा झाल्या, सवय तशीच राहिली. राहिली ते चांगलंच.

उपाय दोन दिशांनी झाले आणि यंत्र म्हणून मला याची फार मजा वाटते. एक, भिंत: घोडा आणि फ्रेम यांच्या मध्ये एक पट्टी आडवी उभी. चाप ओढला की भिंत सरकते. स्मिथ अँड वेसनच्या रिव्हॉल्व्हरमध्ये आधीपासून अशी सोय होती. तरी १९४४ मध्ये एका नौसैनिकाचं रिव्हॉल्व्हर जहाजाच्या पोलादी डेकवर पडून उडालं, त्यात माणूस गेला. मग ती भिंत नव्याने आखावी लागली.

दुसरा, पूल: इथे घोडा पिनेपर्यंत पोचतच नाही, मध्ये मुद्दाम फट ठेवलेली. चाप पूर्ण ओढला तरच एक पट्टी वर येते आणि घोड्याचा फटका पिनेपर्यंत पोचवते. आयव्हर जॉन्सन कंपनीच्या जुन्या जाहिरातीत भरलेल्या रिव्हॉल्व्हरच्या घोड्यावर चक्क हातोडीचे घाव घालताना दाखवत. रुगरने १९७३ मध्ये हीच युक्ती आपल्या काउबॉय छापाच्या रिव्हॉल्व्हरांत आणली.

आता गंमत बघा. भिंत मोडली किंवा अडकली तर रिव्हॉल्व्हर धोकादायक होतं, आणि हवालदार काका म्हणाले तसं कळतही नाही. पूल मोडला तर ते नुसतं उडायचं बंद होतं. मोडायचंच असेल तर सुरक्षित बाजूला मोडावं. आम्ही प्रेसच्या मशीनला दोन बटणं दोन हातांनी दाबायला लावतो, त्यामागे हाच विचार. एक वायर तुटली की मशीन बंद.

नेमबाज_करवीर

"मोडायचंच असेल तर सुरक्षित बाजूला मोडावं" हे मी भावाच्या साखरपुड्यात वापरणार आहे.

मोगरा_फुलला

माझी एक शंका. सिनेमात मॅगझिन काढून ठेवतात आणि म्हणतात, आता पिस्तूल रिकामं. तसं होतं ना?

हवालदार_निवृत्त

नाही हो ताई! सगळ्यात जास्त घात याच समजाने होतो. मॅगझिन काढलं तरी चेंबरमध्ये चढलेलं काडतूस तिथेच असतं. आधी मॅगझिन काढायचं, मग स्लाईड ओढून चेंबरमधलं बाहेर काढायचं, मग डोळ्याने बघायचं, मग करंगळी घालून चाचपायचं. क्रम उलटा केला तर स्लाईड ओढल्यावर मॅगझिनमधलं पुढचं काडतूस आपणच चेंबरमध्ये चढवतो.

ब्राउनिंग हाय-पॉवरमध्ये मॅगझिन काढलं की चापाचं जोडकाम तुटतं, चाप ओढून काही होत नाही. आपल्या इशापूर कारखान्याचं ९ मिमी त्याच घराण्यातलं. पण मी पोरांना कधी त्याच्या भरवशावर राहू दिलं नाही. उद्या हातात दुसरं पिस्तूल आलं, त्यात ती सोय नसली, की गेला.

आणि पंचनाम्यात जप्त करून आणलेले गावठी कट्टे? त्यात ना भिंत ना पूल. टेबलावर ठेवतानासुद्धा आम्ही नळी वाळूच्या पेटीकडे करून ठेवायचो.

बोरिवली_फास्ट

यंत्रीसाहेब, नवीन पिस्तूल खाली आपटून बघायची काही परीक्षा असते का? की गिऱ्हाईकाने घरी आपटायचं?

चाकणचा_यंत्री

असते. कॅलिफोर्नियाच्या कायद्यात साधारण एक मीटर उंचीवरून काँक्रीटवर, सहा वेगवेगळ्या स्थितींत पाडतात: नळी खाली, मूठ खाली, पाठीवर, कुशीवर वगैरे. चेंबरमध्ये फक्त प्रायमर असलेली पुंगळी. एकदाही फुटली तर नापास. पण एखादा आडनिडा कोन या सहांत बसत नाही. वर जोशींनी सांगितलेली भानगड तशीच एका तिरक्या कोनाची होती.

किंकिणी

मंडळी, कोपरापासून नमस्कार! नवऱ्याला सगळा धागा वाचून दाखवला. तो "मी म्हटलं होतं ना" एवढंच म्हणाला, पण अकरा वेळा.

शेवट बदलला. हवालदार काकांनी आयता हातात दिला. भाऊसाहेबाच्या हातातून पिस्तूल सुटतं. ते फरशीवर पडून काहीच होणार नाही, हे त्याला माहीतही असतं. पण तो आयुष्यभर काहीच हातातून सुटू न देणारा माणूस, खाली वाकून झेलतो. बोट कडीत. पुढचं तुम्हाला कळलंच. नमुना डकवते:

*"भाऊसाहेबांनी शांतपणे ग्लॉकचा घोडा चढवला. 'वाड्याचे कागद कुठे आहेत?' त्यांनी विचारलं. पडवीतल्या झोपाळ्याच्या कड्या करकरल्या..."*

आजोबांचा_नातू_नाशिक

वा! झेलणारा भाऊसाहेब आवडला. बेकायदा ९ मिमीचं पण कुठेतरी येऊ द्या, फौजदाराच्या तोंडी.

टवाळ_कार्टं

पण झेलताना नळी नेमकी भाऊसाहेबाकडेच कशी वळली? नियती?

किंकिणी

@टवाळ_कार्टं, वाकून झेलतोय रे, दोन्ही हात पोटाजवळ! घरी लाटणं घेऊन पाच वेळा करून बघितलंय. चार वेळा पोटाकडेच आलं.

हवालदार_निवृत्त

झकास जमलंय, ताई. चेंबर भरलेलं होतं हे आधी कुठेतरी दाखवा, म्हणजे झालं. फक्त ते "ग्लॉकचा घोडा चढवला" काढा. ग्लॉकला घोडा नसतो, यंत्री साहेबांनी वर सांगितलंय.

किंकिणी

अय्या, हो की. काढला. पान चारवरून, सातवरून आणि नऊवरून. अकरावर भाऊसाहेब खऱ्या घोड्यावरून येतो, तो ठेवतेय.